आजा टेप

अमरावती
८ जुलै २०२४

देवीदासदादा,
सप्रेम नमस्कार.

हे पत्र वहीच्या फाडलेल्या पानावर लिहितो आहे. त्याबद्दल आधी तक्रार आणि मग क्षमा. तक्रार गंभीर आहे, जमल्यास उभं राहून वाचावी. गेल्या गुरुवारी मी एक आंतर्देशीय पत्र विकत घ्यायला घराबाहेर पडलो. एक. निळं. तीन घड्यांचं. पहिल्या दुकानातल्या बाईंनी विचारलं, "कोनत्या कंपनीचं?" दुसऱ्याने आधी पाकीट दाखवलं, मग वाढदिवसाचं कार्ड, आणि शेवटी माझा चेहरा पाहून पाणी दिलं. तिसरा म्हणाला, सर, ते तं कवाचंच बंद झालं. चौथ्या दुकानाच्या पायरीवर माझ्या चपलेचा अंगठा तुटला. ज्या शहरात मोबाईलची कव्हरं हातगाडीवर किलोने मिळायची बाकी आहेत, तिथे एका मराठीच्या मास्तराला चुलतभावाला चार ओळी लिहायला निळा कागद मिळू नये, याची इतिहासात कुठेतरी नोंद व्हावी म्हणून हे सविस्तर कळवलं.

आणि याला जबाबदार तुम्ही. अख्ख्या गावंडे कुळात पस्तीस वर्षं कंप्युटरमध्ये काढलेला एकच माणूस, आणि त्याच्याकडे मोबाईल नाही. घरच्या फोनवर तुम्ही "हो", "बरं" आणि "ठेवतो" यापलीकडे चौथा शब्द खर्च करत नाही. म्हणून पत्र.

काम असं आहे. आमचा मनोज दिवाळी अंक काढतो. गेल्या वर्षी मी पुढाऱ्यांवर लिहिलं तर त्याच्या दोन जाहिराती गेल्या. या वर्षी त्याने मला निरुपद्रवी विषय दिला आहे: मोठ्या कंप्युटरच्या ऑपरेटिंग सिस्टीमचा इतिहास, विनोदी अंगाने. "त्याच्यानं कोनी चिडत नाही," म्हणतो. मला त्यातलं काही कळत नाही, ही विनोदी लेखनाची पहिली अट मी पूर्ण केलीच आहे. बाकीचं तुम्ही सांगा.

आपण शेवटचे भेटलो ते रूपालीच्या लग्नात, मांडवाच्या दोन टोकांना. आईला हे पत्र ठाऊक नाही. उत्तर कॉलेजच्या पत्त्यावर पाठवा.

आपला,
किशोर

•

अकोला
१९ जुलै २०२४

चि. किशोर,
आशीर्वाद.

सोबत चार कोरी आंतर्देशीय पत्रं पाठवतो आहे. इथे मिळतात. चप्पल तुझी तू शिवून घे.

तुझा विषय. मेनफ्रेम म्हणजे खोलीभर पसरलेलं मोठं कंप्युटर. बँका, विमा, रेल्वे यांची कोट्यवधी कामं त्यावर चालतात. ऑपरेटिंग सिस्टीम म्हणजे त्याचा कारभारी. कोणाचं काम आधी घ्यायचं, कोणाला किती जागा द्यायची, छपाईला कोणाला बसवायचं, हे तो ठरवतो.

सुरुवातीला हा कारभारी नव्हता. माणूस होता. तो भोकं पाडलेल्या कार्डांचा गठ्ठा यंत्रात घालायचा, टेपचं चाक चढवायचा, काम संपलं की उतरवायचा, मग दुसऱ्याचा गठ्ठा. या चालण्या-बोलण्यात ते महागडं यंत्र रिकामं बसायचं. सत्तर वर्षांपूर्वी अमेरिकेत काही जणांनी हिशेब केला की यंत्रापेक्षा माणसाचं चालणं महाग पडतं. म्हणून एक छोटा प्रोग्राम लिहिला, जो एक काम संपलं की आपोआप दुसरं सुरू करायचा. ऑपरेटिंग सिस्टीमचा जन्म एवढाच. माणसाची चार पावलं वाचवायला.

मग १९६४ साली मोठी उडी. लहान-मोठ्या सगळ्या यंत्रांना एकच कारभारी, असं ठरलं. तो वेळेत तयार होईना. म्हणून छोट्या यंत्रांसाठी एक तात्पुरती सिस्टीम काढली. हे लिहून घे, तुझ्या कामाचं आहे: त्या तात्पुरतीची वंशावळ साठ वर्षांनंतर अजून चालू आहे. आणि त्या काळी लिहिलेला प्रोग्राम आजच्या यंत्रावर न बदलता चालतो. या धंद्यात जुनं काही मरत नाही. नवं त्याला पोटात घेऊन पुढे जातं.

आणखी एक. बाबा एप्रिलपासून अंथरुणावर आहेत. वय अठ्ठ्याऐंशी. डॉक्टरांनी मला वेगळं बोलावून सांगितलं, दिवाळी कठीण. रोज एकच विचारतात, "किशोरची माय आली का?" आई त्यांना "येईल" म्हणते. काकू एकदा येऊन गेल्या तर बरं होईल. बोलल्या नाहीत तरी चालेल.

तुझा,
देवीदास

•

अमरावती
२ ऑगस्ट २०२४

देवीदासदादा,

आंतर्देशीय पोचली. चार. तुमच्या उपकाराखाली मी दबलो आहे, आणि अक्षरही त्याच मानाने बारीक काढतो आहे.

तात्पुरतीची गोष्ट सोन्याची आहे. आमच्या कॉलेजची इमारतही तात्पुरतीच आहे, एकोणसत्तर सालापासून. पुढचं मी जरा वाचून काढलं. आधीच्या सिस्टीममध्ये म्हणे प्रत्येक कामाला ठरावीक खोली, मोठी झाली तरी त्याचीच, छोटी पडली तरी त्याचीच. पुढे भिंती सरकवता येऊ लागल्या. आणि बहात्तरच्या सुमाराला आभासी जागा आली, म्हणजे प्रत्येकाला वाटतं अख्खं घर आपलंच आहे. मी मनोजला म्हटलं, हा कंप्युटरचा इतिहास नाही, आपल्याकडच्या वाटण्यांचा आहे. फक्त त्यांच्याकडे कोणी कोर्टात जात नाही.

आता दुसरं. मोठेबाबांबद्दल वाचलं. मी आईला विचारलं. पत्राचं सांगितलं नाही, कोणाकडून तरी कळलं म्हणालो. ती मेथी निवडत होती.

"मोठेबाबा आजारी हायेत म्हने."

"असतीन."

"तुले बोलवून राहिले."

"काहून? अर्ज सापडला का त्याईचा?"

एवढं बोलून तिने काड्या बाजूला टाकल्या. माझ्या पुढ्यात मेथी सरकवली, म्हणजे विषय संपला.

तुम्हाला हे सगळं ठाऊक आहे, तरी लिहितो, कारण आपण दोघे हे कधी एकमेकांशी बोललोच नाही. शहाऐंशी साली माझे बाबा सरकारी उपसा-यंत्र मंडळाच्या चांदूर बाजारच्या डेपोत मेकॅनिक होते, तुमचे बाबा त्याच मंडळात अकोल्याला मोठे बाबू. बाबांची दूर जंगलातल्या एटापल्लीला बदली निघणार असं कळलं होतं. आदल्या वर्षी त्यांना कावीळ होऊन गेली होती. डॉक्टरचा दाखला जोडून त्यांनी बदली रद्द करायचा अर्ज दिला. तो आपल्या मोठ्या भावाच्या हातात. मोठेबाबा म्हणाले, नागपूरला स्वतः नेऊन दिला. मे महिन्यात यादी आली, बाबांचं नाव तिच्यात. सप्टेंबरात एटापल्लीहून त्यांचं पार्थिव आलं. डोक्यात गेलेला मलेरिया. मी अकरा वर्षांचा होतो.

आईचं म्हणणं साधं आहे. अर्ज खिशातच राहिला, आणि नंतर भासरे, म्हणजे मोठेबाबा, खोटं बोलले. तेराव्याच्या आत तुमच्या आईने पिठलं-भाकरीचा डबा पाठवला होता, तो तिने गाईला घातला. डबा तेवढा माळ्यावर आहे. झाकणावर तुमच्या आईचं नाव कोरलेलं आहे, "पार्बताबाई न. गावंडे", आणि अडतीस वर्षं तो आमच्या घरात आहे, पण आमच्या घरचा नाही.

ती येणार नाही, दादा. मोठेबाबांनी आता तरी खरं सांगून टाकलं तर मात्र सांगता येत नाही. "विसरलो" म्हणाले तरी चालेल. माणूस विसरतो.

किशोर

•

अकोला
१४ ऑगस्ट २०२४

चि. किशोर,
आशीर्वाद.

तुझं पत्र मी तीनदा वाचलं. बाबा काही विसरलेले नाहीत.

लेखासाठी पुढचं. नागपूरला मंडळाच्या कंप्युटर केंद्रात, जिथे मी लागलो, तुझ्या त्या आभासी जागेतलं काहीच नव्हतं. ती अमेरिकन कंपनी अठ्ठ्याहत्तरात देशातून निघून गेली, यंत्रं मागे राहिली, आणि त्यांतलं एक जुनं आमच्या नशिबी आलं. त्यावर ती तात्पुरती सिस्टीम. जग पुढच्या पिढीत गेलं होतं तेव्हा आम्ही मागच्या पिढीचं यंत्र पुसून चालवत होतो. यंत्राच्या खोलीत थंड हवा होती, म्हणून साहेब लोक उन्हाळ्यात तपासणीला फार यायचे. हा तुला विनोद.

कर्मचाऱ्यांची सगळी माहिती टेपवर. दर महिन्याला जुनी टेप आणि बदलांची कार्डं यंत्रात घालायची, त्यातून नवी टेप तयार व्हायची. जुनी लगेच पुसायची नाही. नव्या टेपला आम्ही लेक म्हणायचो, तिच्या आधीच्या महिन्याची तो बाप, त्याच्या आधीची तो आजा. लेक बिघडला तर बापापासून पुन्हा करता येतो, बापही गेला तर आजापासून. जगभर हीच पद्धत होती आणि तिकडेही नावं हीच. चौथी पिढी आली की आजा पुसायचा आणि त्याच चाकावर नवं लिहायचं. पुसायच्या आजाला कपाटात जागा नसायची. तो बाहेर ट्रॉलीवर पडून असायचा.

प्रत्येक टेपच्या सुरुवातीला लेबल असतं, अक्षरांत, यंत्राला वाचता येईल असं. चुकीची टेप चढवली की सिस्टीम काम थांबवते आणि ऑपरेटरसमोरच्या टंकयंत्रावर छापते: लेबल जुळत नाही. पुढे काय करू? मग ती वाट पाहते. दहा मिनिटं किंवा दहा दिवस. तिला घाई नसते. उत्तर माणसानेच द्यायचं. एक उत्तर, दुसरी टेप चढवतो. दुसरं उत्तर, एकच शब्द, इग्नोर. म्हणजे मला ठाऊक आहे, तू बघू नकोस, चाल पुढे.

पुढच्या सिस्टीमनी हळूहळू हा अधिकार माणसाकडून काढून घेतला. कोणत्या पिढीची टेप हवी ते त्या आपल्या यादीत बघतात. नंतर टेप चढवायलाही यंत्राचा हात आला. शेवटची दहा वर्षं मी ज्या खोलीची देखरेख केली, तिथे दिवा लावायचीही गरज नव्हती. आत माणूसच जात नव्हता. लोक म्हणतात, कंप्युटरने माणसाची नोकरी घेतली. मला विचारशील तर ती आणखी थोडी आधी घ्यायला हवी होती.

बाबा जेवत नाहीत. ताक घेतात.

देवीदास

•

अमरावती
२१ ऑगस्ट २०२४

दादा,

आजा-बाप-लेक वाचून मनोज खुर्चीवरून पडायचा बाकी होता. "हेच पाहिजे, हेच," म्हणाला. मी लगेच एक परिच्छेद रंगवला: एक कंटाळलेला ऑपरेटर चुकून आजा चढवतो आणि अख्ख्या जिल्ह्याचे निवृत्त लोक दुसऱ्या दिवशी कामावर हजर होतात, एक मेलेला हेडक्लार्क रजा मागायला येतो, वगैरे.

आता मला खरी गोष्ट हवी आहे. तुमच्या केंद्रात कधी असं झालं का? चुकीची पिढी चढली आणि कोणी इग्नोर म्हणून टाकलं? नाव घालणार नाही. "एका केंद्रात" असं लिहीन. लवकर कळवा, मनोज पंचवीस सप्टेंबरला अंक छपाईला देतो.

किशोर

•

अकोला
१८ सप्टेंबर २०२४

किशोर,

झालं.

महिनाभर कागद पुढ्यात घेऊन बसतो आहे. शकुन विचारते, एवढं काय लिहून राहिले? तिलाही आजपर्यंत सांगितलेलं नाही. का ते पुढे कळेल.

२३ मे १९८६, शुक्रवार. मी चोवीस वर्षांचा, केंद्रात लागून आठ महिने. बाबांनीच खटपट करून लावलं होतं. त्या दिवशी वार्षिक बदल्यांची यादी काढायची होती. मे महिन्याची टेप, म्हणजे लेक, कपाटात. बापही कपाटात. कपाटाची किल्ली आमच्या साहेबांच्या खिशात, आणि साहेब लग्नाला गेले, साडेतीनला येतो म्हणून. माझी अमरावतीची गाडी तीनची. दुसऱ्या दिवशी चांदूर बाजारला मुलगी पाहायचा कार्यक्रम होता. तो तुझ्या बाबांनी ठरवला होता. मुलगी शकुन.

ट्रॉलीवर मार्चची टेप होती. आजा. मी विचार केला, दोन महिन्यांत काय बदलणार आहे? तीच माणसं, तीच गावं. चढवली. यंत्राने विचारलं, लेबल जुळत नाही, काय करू. मी तो शब्द टाइप केला. सहा इंग्रजी अक्षरं. यादी छापली, पट्ट्यापट्ट्यांच्या कागदावर, इंग्रजी मोठ्या अक्षरांत. टेबलावर ठेवली आणि गाडी गाठली. काका मला घ्यायला सायकल घेऊन चांदूर बाजारच्या स्टँडवर उभे होते.

बाबांनी अर्ज दिला होता. एप्रिलमध्ये तो मंजूर झाला होता आणि एप्रिलच्या टेपवर चढला होता. मार्चच्या टेपवर तो नव्हता.

जूनचं काम करताना सात नावांचा फरक आला, तेव्हा मला कळलं. सात जणांच्या बदल्या रद्द झालेल्या होत्या आणि सातही नावं यादीत गेली होती. त्यातले सहा जण साहेबांकडे रडले, वशिले लावले आणि सुटले. काका कोणाकडे गेले नाहीत.

१२ जूनला ते एटापल्लीला जाताना नागपूरला माझ्या खोलीवर उतरले. मी म्हटलं, काका, एकदा साहेबाले भेटून पाहा. मी एवढंच म्हटलं. ते म्हणाले, "कायले? बाबूनं काढली असती तं भांडलो असतो. तुह्या मशिनीनं काढली, तं बरोबरच असन." मग मला म्हणाले, पोरगी पसंत हाय ना? मी हो म्हटलं. सकाळी त्यांची ट्रंक मीच बसच्या टपावर चढवली.

मला वाटत होतं, एक वर्षाचा प्रश्न आहे. पुढच्या मे महिन्यात दुरुस्त होईल. टेप तशी होतेच दुरुस्त.

काकांच्या मरणानंतर बाबांवर आळ आला तेव्हा मी गप्प राहिलो. पहिल्या वर्षी नोकरी जाईल म्हणून. मग लग्न झालं म्हणून. मग विपुल झाला म्हणून. पुढे कारण लागलंच नाही, सवय झाली.

बाबांना अजून सांगितलेलं नाही. आधी तुला. हे काकूंना वाचून दाखव. माझ्यासाठी नाही. बाबा खोटं बोलले नव्हते, एवढं त्यांना कळून त्या एकदा येऊन गेल्या, तर हा माणूस सुखाने जाईल. दिवस थोडे आहेत.

देवीदास

•

अकोला
९ ऑक्टोबर २०२४

किशोर,

तुझं उत्तर आलं नाही. यावं असं मी म्हणत नाही.

बाबा रविवारी सकाळी गेले.

आठ दिवस आधी मी त्यांना सगळं सांगितलं. वाटलं, ऐकू गेलं नाही. मग म्हणाले, "मले त्याच साली समजलं. उत्तमच्या दिवसाईनंतर मी नागपूरले आलो होतो. रजिष्टर पायलं. अर्जाची नोंद होती. मंग तुमच्या खोलीतलं रजिष्टर पायलं, कोनती टेप कोनं चढवली त्याचं. तुही सही होती."

मी विचारलं, मग बोलले का नाही? काकूला अर्जाची पोचपावती दाखवली असती.

म्हणाले, "पावती दाखवली असती, तं ते म्हनली असती, मंग चुकलं कोन? उत्तम तं गेलाच होता. तुले कायले घालवू?"

थोड्या वेळाने पुन्हा विचारलं, किशोरची माय आली का.

त्यांच्या पेटीत तळाला कागदाखाली पोचपावती निघाली. मंडळाचा गोल शिक्का, आवक क्रमांक, तारीख १७ मार्च १९८६. आई एवढंच म्हणाली, पावतीचं तिला ठाऊक होतं. त्यानंतर ती माझ्याशी बोललेली नाही. शकुनही.

पावती सोबत पाठवतो आहे. मूळ. ती तुमच्याकडे असावी.

देवीदास

•

अमरावती
१५ ऑक्टोबर २०२४

देवीदासदादा,

हे पत्र टपालात टाकणार नाही, येताना सोबत आणतो आहे. तुमच्या चारांतलं हे तिसरं आंतर्देशीय. जागा थोडी आहे, ते बरंच आहे.

तुमचं अठरा तारखेचं पत्र मला एकवीस सप्टेंबरला मिळालं. कॉलेजात, मस्टरवर सही करताना. ते मी कपाटात ठेवलं. घरी नेलं नाही. पहिले दोन दिवस राग होता, आणि तो खरा होता. तिसऱ्या दिवशी मी लेख पूर्ण करायला बसलो. पंचवीसला दिला. मेलेल्या हेडक्लार्कचा परिच्छेद काढला, तर मनोज म्हणाला, त्यातच तर मजा होती. त्यानंतरचे दिवस मी रोज ठरवत होतो की आज आईला वाचून दाखवायचं, आणि रोज काही ना काही निघत होतं. पेपर तपासणं, नवरात्र, आईचं गुडघेदुखीचं औषध. दादा, तुम्हाला गाडी गाठायची होती. मला तर कुठे जायचंही नव्हतं. मोठेबाबा आणखी पंधरा दिवस होते, आणि अमरावतीहून अकोला दोन तासांवर आहे. माझ्याकडून हे लिहिलेलं असू द्या.

काल दुपारी आईला दोन्ही पत्रं वाचून दाखवली. मध्ये ती एकदाच बोलली. "पावतीवर तारीख काय हाय?"

"सतरा मार्च."

"सतरालेच भासऱ्याईनं सांगतलं होतं मले. अंगनात उभं राहून. देल्ला म्हने सुभद्रा, साहेबाच्या हातात देल्ला." मग पावती मागून घेतली. चष्मा नव्हता, तरी बराच वेळ बघत राहिली. शिक्क्यावरून बोट फिरवलं.

"माह्या लेकराच्या बापानं त्या मशिनीवर भरोसा ठेवला," ती म्हणाली. "अन् मी मानसावर ठेवला नाही."

रडली नाही. संध्याकाळी मला माळ्यावर चढवलं. डबा राखेने घासला, दोनदा. आज सकाळी पिठलं केलं, भाकरी केल्या, सोबत हिरव्या मिरचीचा ठेचा. मी म्हटलं, अकोल्याले जाऊन येऊ म्हनतो, डबा देऊन टाकतो. म्हणाली, "पारबताबाईच्याच हातात देजो. देवीदासच्या नाही. त्याचं नाव आता तरी घेऊ नोको माह्यापुढे." आणि झाकण लावताना, "भरला नेजो. घरी मानूस गेलं असन तवा रिकामं भांडं नेत नाहीत."

ती येते आहे की नाही, हे तिने सांगितलेलं नाही. साडेअकराची गाडी आहे. मी हे लिहितो आहे तेव्हा ती पांढरं लुगडं नेसून ओट्यावर बसली आहे. पायात चपला नाहीत, पण चपला शेजारी आहेत.

तुम्हाला मी काय म्हणावं, हे मला ठरवता आलेलं नाही. तुम्हीही वाट पाहू नका.

तुमच्या चार आंतर्देशीयांपैकी तीन माझ्याकडून खर्च झाली. चौथं कोरं परत करतो आहे, डब्याच्या पिशवीत आहे. पत्ता मी घातला आहे, स्वच्छ अक्षरात: श्रीमती सुभद्रा उत्तमराव गावंडे, अमरावती. आतलं तुम्ही लिहा.

किशोर